दुसऱ्या खांबाची बायनाबाई

मोहफाट्याच्या एस.टी. स्टँडला स्टँड म्हणणं म्हणजे त्याला उगाच मोठेपणा देणं होतं. टिनाचं एक छप्पर, त्याखाली चार खांब, एक सिमेंटचा ओटा, कोपऱ्यात कंट्रोलरची जाळीची खिडकी आणि आवाराच्या बाहेर मोहाचं एक झाड, एवढाच सारा पसारा. पण तिथून एक रस्ता चंद्रपूरला जायचा, एक गडचिरोलीला आणि तिसरा सरळ जंगलात शिरायचा. त्यामुळं तिन्ही रस्त्यांवरची माणसं गाडी बदलायला इथं उतरायची, घटकाभर एकमेकांच्या तोंडाकडं बघत बसायची आणि आपापल्या दिशेनं निघून जायची.

या चार खांबांपैकी दुसऱ्याशी बायनाबाई निमगडे बसायची. चाळिशीची, काटक, आवाजानं खणखणीत. पुढ्यात बांबूची टोपली. तिच्यात फुटाणे, उकडलेल्या शेंगा आणि उन्हाळा लागला की तिखट-मीठ लावलेल्या कैरीच्या फोडी. नवरा तापानं गेला त्या वर्षापासून तिनं हा खांब धरला होता, त्याला आता चौदा वर्षं झाली होती. एकुलती एक लेक भद्रावतीला फॅक्टरीच्या कॉलनीत दिलेली. जावई मोठा चांगला. आमच्याकडंच राहा म्हणून दर दिवाळीला गळ घालायचा. बाई जायची आणि तिसऱ्या दिवशी परत यायची.

"तिथी सारे ओळखीचे," ती म्हणायची. "रोज तेच तोंड, तेच बोलनं. इथी मले रोज नवा मानूस भेटते."

आता बाईला लिहिता-वाचता येत नव्हतं, हे खरं. पण मोहफाट्यावरून जाणाऱ्या अठ्ठावीसच्या अठ्ठावीस गाड्या तिला तोंडपाठ होत्या. नुसत्या वेळा नव्हे, सवयींसकट. सिरोंचाची गाडी नाल्याच्या चढावर खोकते. कोरपन्याची गाडी स्टँडात शिरत नाही, विहिरीपाशीच थांबून पळते, तेव्हा अगोदरच तिकडं जाऊन उभं राहावं. अमक्या ड्रायव्हरची बायको माहेरी गेली की गाडी वेळेच्या आधी येते, कारण घरी जेवण नसतं. घड्याळ तिच्याजवळ नव्हतं. खांबाची सावली ओट्याच्या कोणत्या भेगेवर आली, हे तिचं घड्याळ, आणि ऋतू बदलला की ती त्या घड्याळाला मनातल्या मनात चावीही द्यायची.

म्हणून माणसं खिडकीत विचारत नसत. बाईला विचारत. ती फुटाण्याची पुडी बांधता बांधता उत्तर द्यायची आणि उत्तरासोबत दोन शब्द फुकट द्यायची. कोणी नवी नवरी रडत बसली असली तर तिला म्हणायची, "रडून घे इथीच. सासरी उतरलीस का मंग डोळे पुसाले पदर नाई भेटत." बदलीवर आलेला एखादा मास्तर जंगलातल्या शाळेचं नाव कागदावर वाचून घाबराघुबरा झाला, तर त्याला शेंगा खिलवायची आणि सांगायची की त्या गावचे लोक भले आहेत, फक्त हसायचं त्यांच्या नाचावर नाही. कधी एखादी सोवळी म्हातारी फोड तोंडात टाकता टाकता थबकायची नि विचारायची, "बाई, तू कोनाघरची?" बाई शांतपणं म्हणायची, "आम्ही बुद्धाचे. थुकाची असंल तं थुका, मोरी तिकडं आहे." म्हातारी बहुधा गिळायचीच. कैरी झकास असायची ना.

विचारणाऱ्याला ताटकळत ठेवायचं नाही, हा तिचा नेम होता आणि तो आजकालचा नव्हता. छप्पन साली, ती अकरा वर्षांची असताना, बाप तिला घेऊन धम्मदीक्षेला चांद्याला, म्हणजे आताच्या चंद्रपूरला, पायी गेला होता. तिथल्या माणसांच्या पुरात बापाचं बोट सुटलं. रडून रडून आवाज बसला. तेव्हा कुठल्या गावची कोण जाणे, एक बाई पुढं आली, हिला दगडावर बसवून म्हणाली, "हालू नको. मी विचारते," आणि दोन तास त्या गर्दीत विचारत फिरून बाप शोधून आणला. नाव सांगितलं नाही, पाणी प्यायली नाही, निघून गेली. बायनाबाई ते कधी विसरली नाही. अनोळखी माणूस काय चीज असते हे मी चांद्याला पाहिलं, असं ती म्हणायची.

तर अशा या फाट्यावर चौऱ्याऐंशीच्या फाल्गुनात श्रीहरी जगदाळे नावाचे नवे कंट्रोलर आले. कराडकडचे. वय पस्तीस, भांग सरळ, शर्टाच्या खिशाला दोन पेनं. माणूस कामचुकार नव्हता, उलट कामाचा किडा होता. दिलेल्या वेळेवर गाडी सुटली नाही तर त्यांना जेवण जात नसे. त्यांनी आल्या आल्या स्वतःच्या हातानं निळ्या पाटीवर पांढऱ्या अक्षरांत वेळापत्रक रंगवलं, तीन रात्री खपून. अक्षर मोत्यासारखं. पाटी टांगली आणि खिडकीत बसून ते वाट बघू लागले की लोक आता पाटी वाचतील.

लोक पाटीखाली उभे राहायचे, कारण तिथं सावली होती, आणि तिथून ओरडून विचारायचे, "बायनाबाई, चामोर्शीची गेली का वं?"

जगदाळेंच्या नाकाला मिरच्या झोंबायला किती वेळ लागणार? तरी महिनाभर त्यांनी गिळलं. मग एक दिवस पाटीवर कोरपन्याची गाडी दोन दहाला स्टँडात असं लिहिलेलं असताना बाई पंचवीस माणसांना विहिरीपाशी पाठवून मोकळी झाली. गाडी आली, विहिरीपाशीच थांबली, माणसं चढली, गाडी गेली. स्टँडात पाटी वाचून उभे होते दोघेच, एक शिक्षक आणि एक पोस्टमन. ते राहिले. पोस्टमननं खिडकीत जाऊन जगदाळेंना जे ऐकवलं ते इथं लिहिण्यासारखं नाही.

जगदाळे बाहेर आले नाहीत. त्यांनी बाईलाच खिडकीपाशी बोलावलं.

"बाई, हे सरकारी स्थानक आहे. चौकशी खिडकीत होते. तुम्ही शेंगा विका, माझी ना नाही. पण यापुढं गाड्यांबद्दल एक शब्द बोलायचा नाही. एकदा जरी बोललात तर टोपली आवाराबाहेर. कबूल?"

भांडायचं असतं तर बाईनं त्यांना दोन मिनिटांत कराडला पोचवलं असतं. पण खांब गेला तर पोट गेलं, आणि पोटाहून मोठं म्हणजे रोजचं नवं माणूस गेलं. आवाराबाहेर मोहाखाली ना सावलीचं घड्याळ, ना प्रवासी.

"कबूल साहेब," ती म्हणाली. "शब्द देल्ला. नाई बोलत."

आणि बाई नाही बोलली. बारा दिवस तिनं मिठाची गुळणी धरली. कोणी गाडी विचारली की हनुवटीनं खिडकी दाखवायची. लोकांना वाटायचं, बाईची दाढ दुखते. कोणी लवंग आणून दिली, कोणी निलगिरी. खिडकीपुढं रांग लागू लागली, जगदाळे एकेकाला शांतपणं उत्तर देऊ लागले, आणि खरं सांगायचं तर ते सुखी दिसायला लागले. बाईला मात्र एकेक न दिलेलं उत्तर घशाशी येऊन बसायचं. गाडी चुकलेलं माणूस डोळ्यांसमोर बसलेलं पाहून तिला अन्न गोड लागेना.

तेराव्या दिवशी तो म्हातारा तिच्या लक्षात आला.

तसा तो आदल्या दुपारीच गडचिरोलीच्या गाडीतून उतरला होता. उघडाबंब, कमरेला आखूड धोतर, खांद्यावर चादर, हातात बांबूची काठी आणि एका डोळ्यावर दवाखान्याची हिरवी झापड. तिसऱ्या खांबाशी तो बसला तो बसलाच. बोदूरमेट्याकडं, म्हणजे जंगलाच्या रस्त्यानं शेवटच्या गावापर्यंत, दिवसातून दोनच गाड्या जायच्या. सकाळी अकराची आणि संध्याकाळी साडेचारची मुक्कामी. आदल्या संध्याकाळी मुक्कामी लागली तेव्हा म्हातारा उठून ड्रायव्हरच्या दारापाशी गेला, कान देऊन उभा राहिला, ड्रायव्हरनं कंडक्टरला काहीतरी हाक मारली तशी मान हलवून परत येऊन बसला. रात्र त्यानं ओट्यावरच काढली. आज अकराच्या गाडीलाही तेच. गेला, ऐकलं, परतला.

कोणाची वाट बघत असेल, असं बाईला आधी वाटलं. पण उन्हं चढली आणि म्हाताऱ्याच्या पोटात काही गेलेलं दिसेना, तेव्हा ती लोटाभर पाणी आणि एका पानावर कैरीच्या फोडी घेऊन त्याच्याकडं गेली.

"घ्या बाबा. पैसे नोको."

म्हातारा पाणी प्यायला. पान मात्र त्यानं दोन्ही हातांनी हळूच परत सरकवलं.

"आंबा नाई चालत," तो थांबत थांबत मराठी बोलला. "पंडुम नाई झाला."

बाई इथलीच होती, तिला अर्थ सांगावा लागला नाही. जंगलातल्या गावांत नवा आंबा आधी देवाला आणि गेलेल्या वाडवडलांना द्यायचा, मग माणसांनी तोंडाला लावायचा. तो दिवस म्हणजे पंडुम. तोवर झाड वाकून जमिनीला लागलं तरी कोणी कैरी तोडत नाही.

"कधी आहे पंडुम?"

म्हाताऱ्यानं कमरेचा एक दोरा काढून दाखवला. जाताना गावानं त्याला दोऱ्याला गाठी मारून दिल्या होत्या. दिवस उगवला की एक गाठ सोडायची. आता एकच गाठ उरली होती. उद्याची सकाळ.

"आनि तुमी इथी बसून राह्यले?"

"मी भूमिया," म्हातारा म्हणाला. "नाव वारलू. मी देतो तं देव घेते. मी नाई गेलो तं गाव आंबा नाई खात." हे त्यानं फुशारकीनं सांगितलं नाही. पाऊस आला तर जमीन भिजते, अशा चालीवर सांगितलं.

बाई मटकन त्याच्या शेजारी बसली. "मंग गाडीत काऊन नाई बसले? तीन गाड्या येऊन गेल्या तुमच्या गावच्या..." एवढं बोलली आणि तिनं जीभ चावली. गाडीचं नाव निघालं होतं. खिडकीकडं पाहिलं, जगदाळे कुठलासा तक्ता भरत होते. त्यांना ऐकू गेलं नव्हतं. खरं तर गाड्या दोनच येऊन गेल्या होत्या. घाईत तिचा हिशेबही चुकला, चौदा वर्षांत पहिल्यांदा.

वारलूनं सांगितलं ते थोडक्यात असं. आठ दिवसांपूर्वी गुलाब ड्रायव्हर त्याला बोदूरमेट्याहून इथं घेऊन आला आणि डोळ्याच्या दवाखान्याच्या गाडीत बसवून दिलं. गुलाब भला माणूस. एकच डोळा उघडा असलेल्या म्हाताऱ्याला कोणी भलत्याच गाडीत कोंबू नये, म्हणून जाताना बजावलं होतं, "परत आला का इथीच बसून राहाजो. मी येईन, मीच तुले घरी नेईन. दुसऱ्या कोनाच्या गाडीत बसू नोको. देतं का शब्द?" आणि वारलूनं शब्द दिला होता.

घोडं पेंड खात होतं ते इथं. गुलाबची ड्युटी चार दिवसांपूर्वीच बदलली होती. तो आता चंद्रपूर-भद्रावती मारत होता आणि महिनाभर या रस्त्याला फिरकणार नव्हता. सगळ्या मोहफाट्यावर हे दोघांनाच ठाऊक होतं. एक जगदाळेंना, कागदावर. आणि एक बायनाबाईला.

बाईनं आधी सरळ वाट धरून पाहिली. वारलूला हाताला धरून रांगेत उभं केलं आणि बोटानं खिडकी दाखवली. त्याचा नंबर आला.

"कुठं जायचंय?" जगदाळेंनी विचारलं.

"गुलाब डायवर."

"अहो, गाव. गावाचं नाव सांगा."

"गुलाब डायवर," वारलू म्हणाला. त्याच्या दृष्टीनं प्रश्न गावाचा नव्हताच.

"सकाळपासून बघतोय यांना," जगदाळे मागच्या माणसाला म्हणाले. "मोहाची घेतलेली दिसते. चला, पुढं कोण?"

वारलू परत येऊन तिसऱ्या खांबाशी बसला. दारू त्यानं आठ दिवसांत हुंगलीसुद्धा नव्हती. खांबाची सावली चौथ्या भेगेवर आली होती. म्हणजे साडेतीन. मुक्कामी सुटायला एक तास. ती गेली की बोदूरमेट्याला पायी पोचायला दीड दिवस लागतो, डोळे धड असलेल्या माणसाला.

बायनाबाईनं टोपलीवर फडकं टाकलं. तिला भीती वाटली, यात लपवण्यासारखं काही नाही. चौदा वर्षांचा खांब डोळ्यांपुढून गेला. पण चांद्याच्या त्या बाईनं ‘मी विचारते’ म्हणताना आपलं काय जाईल याचा विचार केला असता, तर ही आज कुठं असती? ती उठली, रांग ओलांडून सरळ खिडकीशी गेली आणि मुद्दाम साऱ्या स्टँडला ऐकू जाईल असं बोलली.

"साहेब, मी गाडीचं बोलून राह्यली. ऐकून घ्या, मंग टोपली उचलीन."

जगदाळेंनी पेन खाली ठेवलं. "म्हणजे शब्द मोडलात तुम्ही."

"मोडला. आता ऐकता का?"

तिनं सगळं सांगितलं. डोळा, दोरा, एक गाठ, आंबा, गुलाब. जगदाळेंचा चेहरा आधी ताठ होता, मग गोंधळला. माणूस दुष्ट नव्हता. आपण या म्हाताऱ्याला दारुड्या म्हणालो, हे त्यांना आठवलं असावं, कारण त्यांचे कान लाल झाले.

"एवढंच ना?" ते म्हणाले. "गुलाबला फोनवर बोलवतो. तो सांगेल यांना जायला."

काळ्या फोनचा चंद्रपूरशी संबंध जुळायला चाळीस मिनिटं लागली. जगदाळे ‘हॅलो, हॅलो’ करून घामाघूम झाले. तेवढ्यात मुक्कामी येऊन लागलीसुद्धा. अखेर गुलाब सापडला. वारलूला आत नेऊन फोन कानाशी धरला. म्हाताऱ्यानं तो आधी उलटा धरला होता, तो सुलटा केला. पलीकडून गुलाब इतक्या मोठ्यानं ओरडत होता की फोन नसता तरी ऐकू आलं असतं.

"बाबा, मी नाई येत! तू बस त्या गाडीत! जा!"

वारलूनं नीट ऐकलं. मग फोन कानापासून दूर धरून त्याच्या आत डोकावून पाहिलं, चांगल्या डोळ्यानं.

"आवाज गुलाबचा आहे," तो म्हणाला. "मानूस कुठी आहे?"

"चंद्रपूरला!" जगदाळे म्हणाले.

"मी शब्द मानसाले देल्ला. डब्याले नाई."

स्टँडावर हशा पिकला. जगदाळेंनी कपाळावर हात मारला. चार पंचवीस झाले होते. मुक्कामीच्या ड्रायव्हरनं भोंगा वाजवला. एकट्या बायनाबाईला हसू आलं नाही. म्हातारा बाहेर येऊन ओट्यावर टेकला, तशी ती त्याच्यापुढं उकिडवी बसली.

"बाबा, तुमच्या गावात देल्लेला शब्द परत कसा घेते? कोनी मेलं, कोनी दूर गेलं, तं काय करते?"

"काडी मोडते," वारलू म्हणाला. "एक टोक यानं धरायचं, एक टोक त्यानं. मोडली का सुटला शब्द. तो नसंल तं त्याच्या घरचा मोठा मानूस धरते."

"गुलाबचा मोठा मानूस," बाई हळूच म्हणाली आणि खिडकीकडं वळली. तिच्या मागोमाग सगळं स्टँड वळलं. मुक्कामीच्या खिडक्यांतून डोकी बाहेर आली.

"मी?" जगदाळे म्हणाले.

"तुमचाच डायवर नं साहेब? तुमी म्हनाल तिथी जाते. तुमीच त्याची ड्युटी बदलवली. मंग त्याचा मोठा कोन?"

"अहो बाई, मी सरकारी नोकर आहे. काडी मोडायचं कुठल्या परिपत्रकात..." त्यांनी घड्याळात पाहिलं. चार अठ्ठावीस. मग ओट्यावर टेकलेल्या म्हाताऱ्याकडं पाहिलं. तो घाई करत नव्हता, विनवत नव्हता. नुसता थांबला होता, आणि असाच उद्याही थांबला असता, परवाही. तिकडं सबंध गाव आंब्याखाली उपाशी बसलं असतं. दिलेल्या वेळेसाठी जेवण टाकणाऱ्या माणसाला दिलेल्या शब्दासाठी बसून राहणारा माणूस कळायला अवघड नव्हता. फक्त तोवर त्यांनी त्याच्याकडं पाहिलं नव्हतं.

श्रीहरी जगदाळे खिडकीमागचं दार उघडून बाहेर आले. कामाच्या वेळात ते बाहेर आलेले मोहफाट्यानं पहिल्यांदाच पाहिले. ते मोहाखाली गेले, एक काडी घेऊन आले आणि वारलूपुढं पँट सावरत उकिडवे बसले. वारलूनं दुसरं टोक धरलं. दोघांनी ओढलं. काडी वाकली, पार कमान झाली, पण मोडेना.

"ओली आहे जी!" गाडीतून कोणी तरी ओरडलं. "ओल्या काडीनं शब्द नाई सुटत, कायमचं बांधून घ्याल बुढ्याले!"

पुन्हा हशा. या खेपेला जगदाळेही हसले. बाईनं आपल्या टोपलीची एक सुटलेली कामटी उपटून दिली. वाळून खडखडीत झालेली. कट्ट करून मोडली. वारलूनं आपला तुकडा मागं न बघता खांद्यावरून फेकला, उठला, बायनाबाईच्या डोक्यावर क्षणभर हात ठेवला आणि सरळ चालत जाऊन गाडीत बसला. ड्रायव्हरचा आवाज ऐकायला थांबलासुद्धा नाही. गाडी जंगलाच्या रस्त्याला लागली तेव्हा चार अडतीस झाले होते.

जगदाळे आत गेले. नोंदवहीत ‘आठ मिनिटे उशीर’ लिहिलं. पुढं कारणाचा रकाना होता. बराच वेळ विचार करून त्यांनी ‘तांत्रिक’ असं लिहिलं, मोत्यासारख्या अक्षरात.

मान वर केली तर दुसरा खांब रिकामा होता.

बायनाबाईनं कोणाला काही न सांगता टोपली डोक्यावर घेतली होती आणि ती आवाराबाहेर मोहाखाली जाऊन बसली होती. रुसून नव्हे. तिचा हिशेब सरळ होता. म्हाताऱ्यानं काडी मोडून शब्द सोडवला. आपण नुसताच मोडला. ज्यानं मोडला त्यानं ठरल्याप्रमाणं बाहेर जावं. तिचे डोळे भरून आले होते आणि ती ते पुसतही नव्हती, कारण झाडाखाली तिला बघायला कोणी नव्हतं.

इकडं खिडकीपुढं गर्दी झाली. चामोर्शीची कधी, मूलची गेली का, पोराला वांती होते तर पुढं बसवू का मागं. जगदाळे पाटीकडं बोट करत राहिले. वांतीबद्दल पाटीवर काही नव्हतं.

थोड्या वेळानं बाईला पावलं ऐकू आली. जगदाळे समोर उभे होते. हातात मघाचाच कामटीचा तुकडा, त्यांच्या वाटणीचा. त्यांनी तो एका टोकाला धरून तिच्यापुढं केला.

"मी मोडून बसली साहेब," बाई म्हणाली. "आता कायची काडी?"

"तुम्ही मोडलात. मी अजून सोडला नाही," जगदाळे म्हणाले. "तो शब्द मी मागायलाच नको होता. धरा."

बायनाबाईनं तुकडा बोटांनी चाचपून पाहिला, वाळलेला आहे ना म्हणून. मग धरला. आखूड झाला होता, मोडायला दोघांनाही जोर लागला, पण मोडला. तिनं आपला अर्धा खांद्यावरून मागं फेकला. जगदाळेंनी आपला आधी खिशात घातला, दोन पेनांच्या शेजारी. मग बाईनं डोळे वटारले तेव्हा काढून फेकला.

दोघं आवारात परत आली तेव्हा एक माणूस खिडकीची जाळी ठोठावत होता. "साहेब, चामोर्शीची गाडी कधी जी?"

"बाईंना विचारा," जगदाळे म्हणाले आणि आत जाऊन बसले.

बायनाबाईनं दुसऱ्या खांबाशी टोपली टेकवली, फडकं काढलं आणि सावलीकडं पाहिलं. सावली सातव्या भेगेला लागत होती.

"उभा राह्य," ती म्हणाली. "नाल्यावर आलीच असंल."